त्या बाईला काय दिलं?



विषय सिनेमाचा आणि बोलणारा शिवथरचा, हे ऐकून आपल्यापैकी काहींना गंमत वाटली असेल. शिवथर म्हटले म्हणजे लोकांना घळ आठवते. वरंधा घाटाच्या कुशीतला तो धबधबा, काळाकभिन्न कातळ, आणि त्या कातळाच्या पोटात समर्थांनी सांगितलेला व कल्याणस्वामींनी उतरून घेतलेला दासबोध. धुळ्याच्या शंकरराव देवांनी ही जागा शोधून लोकांपुढे आणली, तोवर आमच्या गावाचे नाव महाड तालुक्याबाहेर फारसे कुणाला ठाऊक नव्हते. अशा गावच्या माणसाने नट्यांच्या बक्षिसांवर बोलावे, हे थोडे विसंगत दिसते खरे. पण त्याला एक कारण आहे, ते आधी सांगतो.

१९५६ च्या सुमाराची गोष्ट. मी दहा-अकरा वर्षांचा होतो. वडील लालबागला गिरणीत. आई, आम्ही भावंडे आणि दोन म्हशी गावी. त्या साली महाडला विरेश्वराच्या छबिन्याला तंबूतला सिनेमा आला होता, आणि त्यात ‘श्यामची आई’ दाखवणार होते. आई सहसा कुठे जात नसे. पण साने गुरुजींचे पालगड म्हणजे दापोलीकडचे, आपल्याच कोकणातले, असे कुणीतरी तिला सांगितले होते. पहाटे निघून बिरवाडीपर्यंत पायी, पुढे मोटारीने, असे करीत आम्ही महाडला पोचलो. तंबूत बायका एकीकडे, पुरुष एकीकडे. चित्र संपले तेव्हा सगळा बायकांचा भाग मुसमुसत होता. आमची आई मात्र रडली नव्हती. परतताना ती एवढेच म्हणाली, “त्या बाईच्या हाताला काम ठाऊक आहे. नुसती नटलेली बाई नाही ती.”

पुढे शिमग्याला वडील आले, तेव्हा त्यांनी सांगितले की या चित्राला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले आहे, साऱ्या हिंदुस्थानात पहिले. आईने विचारले, “आन् त्या बाईला काय दिलं?” वडील म्हणाले, “अगं, चित्राला दिलं म्हणजे सगळ्यांनाच दिलं की.” त्यावर ती चुलीत लाकूड सारीत म्हणाली, “सगळ्यांना दिलं म्हणजे कुणालाच नाही दिलं.”

श्रोतेहो, हा प्रश्न माझ्या डोक्यातून पुढे कधी गेला नाही. पुष्कळ वर्षांनी, शाळामास्तरकीतून मोकळा झाल्यावर, मी त्याचे उत्तर शोधीत बसलो. आज जे सांगणार आहे ते त्या शोधातले.

वडिलांनी आणलेली बातमी खरीच होती. सरकारने १९५४ साली प्रथम चित्रपटांना पारितोषिके दिली, ती १९५३ सालच्या चित्रांना. पहिले सुवर्णपदक आचार्य अत्र्यांच्या ‘श्यामची आई’ला मिळाले. आईचे काम वनमालाबाईंनी केले होते. त्या मूळच्या सुशीला पवार, ग्वाल्हेरकडच्या. ‘सिकंदर’मध्ये पृथ्वीराज कपूर व सोहराब मोदी यांच्याबरोबर चमकलेल्या. ते सारे चित्र त्या आईच्या खांद्यावर उभे होते. पण नटनट्यांना वेगळे पारितोषिक द्यावे, असे सरकारच्या तेव्हा मनातही नव्हते. म्हणजे आईच्या प्रश्नाचे १९५४ सालचे उत्तर साधे आहे: काही नाही.

मात्र त्याच १९५४ साली, मार्च महिन्याच्या २१ तारखेला, मुंबईत मेट्रो सिनेमागृहात दुसरा एक समारंभ झाला. ‘फिल्मफेअर’ नावाचे इंग्रजी पाक्षिक दोनच वर्षांपूर्वी निघाले होते. त्याने आपल्या वाचकांकडून मते मागवली. वीस हजारांहून अधिक वाचकांनी ती धाडली, आणि पाच बक्षिसे ठरली. सर्वोत्कृष्ट चित्र ‘दो बिघा जमीन’, दिग्दर्शक त्याचेच बिमल रॉय, नट दिलीपकुमार, संगीतकार नौशाद, आणि नटी मीनाकुमारी, ‘बैजू बावरा’तल्या गौरीच्या कामासाठी. प्रथम या बक्षिसांना ‘क्लेअर’ म्हणत. क्लेअर मेंडोन्सा या ‘टाइम्स ऑफ इंडिया’च्या चित्रपट-समीक्षक बाई होत्या, त्यांच्या स्मरणार्थ. म्हणजे बघा, या बक्षिसाला पहिले नाव मिळाले तेही एका बाईचेच, आणि ती बाई पडद्यावरची नव्हे, लेखणीची.

बक्षीस म्हणून जी काळसर रंगाची, हात वर उचललेली नर्तकीची मूर्ती देतात, ती घडवली आपल्या ना. ग. पानसरे यांनी. मुंबईत फोर्टमध्ये न्यू इंडिया अॅशुरन्सच्या इमारतीवर शेतकरी, विणकर, कुंभार यांची भली थोरली शिल्पे आहेत ना, ती त्यांच्याच हातची. राबणाऱ्या माणसांच्या आकृती दगडात उठवणाऱ्या मराठी शिल्पकाराने ही नाजूक बाहुलीही घडवावी, याचे मला कौतुक वाटते. ‘टाइम्स’चे कलाविभागप्रमुख वॉल्टर लँगहॅमर यांच्या देखरेखीखाली ते काम झाले.

आता एक गोष्ट ध्यानात घ्या. वाचकांच्या मतांवर बक्षीस, हे ऐकायला लोकशाहीचे वाटते. पण मत द्यायला ते पाक्षिक वाचावे लागे, आणि ते इंग्रजीत. महाडच्या तंबूत पदराने डोळे टिपणाऱ्या बायकांना मत नव्हते. सिनेमा चाले त्यांच्या आण्यांवर, आणि कौल घेतला जाई दुसऱ्यांचा. यात कुणाचा दुष्टावा होता असे मी म्हणत नाही. पण इतिहास सांगताना हे सांगितलेच पाहिजे.

*

जरा मागे जाऊ. नायिकेला बक्षीस देण्याआधी नायिका तर मिळाली पाहिजे! दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ काढला, तेव्हा तारामतीचे काम करायला बाई मिळेना. वर्तमानपत्रात जाहिराती दिल्या, काही उपयोग झाला नाही. शेवटी एका उपाहारगृहात स्वयंपाकी असलेल्या साळुंके नावाच्या पोरगेल्या माणसाला त्यांनी तारामती केले. याच अण्णा साळुंक्यांनी १९१७ च्या ‘लंकादहना’त राम आणि सीता ही दोन्ही कामे केली. त्या वर्षी पारितोषिके असती, तर सर्वोत्कृष्ट नट आणि सर्वोत्कृष्ट नटी ही दोन्ही एकाच माणसाला द्यावी लागली असती, आणि परीक्षकांची मोठी पंचाईत झाली असती.

पण १९१३ सालीच, फाळक्यांच्या दुसऱ्या चित्रात, ‘मोहिनी भस्मासुरा’त, दोन स्त्रिया कॅमेऱ्यापुढे उभ्या राहिल्या. पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची मुलगी कमला, जेमतेम तेरा वर्षांची. याच पुढे कमलाबाई गोखले. चंद्रकांत गोखल्यांच्या मातोश्री, विक्रम गोखल्यांच्या आजी. नाटकात बायकांची कामे पुरुष करीत होते, घरंदाज बाईने तोंडाला रंग लावणे म्हणजे घराण्याला काळोखी, अशा काळात एका आईने आपल्या लेकीला बरोबर घेऊन हे केले. त्यांना बक्षीस कोण देणार? लोकांनी नावे ठेवली नसतील तर तेच बक्षीस समजायचे.

अमेरिकेत नट्यांच्या पारितोषिकाची सुरुवात १९२९ साली झाली. तिथल्या अॅकॅडमीने पहिल्याच वेळी जॅनेट गेनर या मुलीला तीन चित्रांतल्या कामांबद्दल मिळून एक पारितोषिक दिले. आपल्याकडे त्या वेळी बोलपट यायचा होता. तो आला, आणि १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’त पुन्हा तीच तारामती आली. या वेळी मात्र ती दुर्गा खोटे यांच्या रूपाने. घरंदाज, शिकलेली, सासर-माहेर दोन्ही नामांकित. दुर्गाबाईंनी पाऊल टाकले आणि पुष्कळ घरांची दारे किलकिली झाली. १९४२ व ४३ साली बंगालच्या चित्रपट-पत्रकारांच्या संस्थेने ‘चरणों की दासी’ आणि ‘भरत मिलाप’ या चित्रांबद्दल त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरवले. म्हणजे मराठी नटीला मोठा मान मुंबईने देण्याआधी कलकत्त्याने दिला होता, हे आपण विसरू नये.

*

आमच्या गावात नुसते ‘समर्थ’ म्हटले की एकच. पण सिनेमाच्या जगात आणखी एक समर्थ घराणे आहे, आणि आजच्या विषयात त्याला टाळून पुढे जाता यायचे नाही. शोभना समर्थ, माहेरच्या शिलोत्री. १९४३ च्या ‘रामराज्या’त त्या सीता झाल्या आणि त्यांच्या तसबिरी घरोघरी देव्हाऱ्याशेजारी लागल्या. गांधीजींनी पाहिला तो हाच चित्रपट. त्याचे दिग्दर्शक विजय भट्ट यांनीच पुढे ‘बैजू बावरा’ काढला, ज्याने मीनाकुमारीला पहिली बाहुली मिळवून दिली.

शोभनाबाईंची थोरली मुलगी नूतन. आईनेच तिला १९५० साली ‘हमारी बेटी’ काढून पडद्यावर आणले. पुढच्या साली ‘नगीना’ आला. तो फक्त प्रौढांसाठी होता आणि नूतन होती पंधरा वर्षांची, म्हणून स्वतःचेच चित्र पाहायला गेलेल्या नायिकेला दारवानाने आत सोडले नाही, असे सांगतात. या नूतनला नायिकेचे फिल्मफेअर पारितोषिक पाच वेळा मिळाले: ‘सीमा’, ‘सुजाता’, ‘बंदिनी’, ‘मिलन’ आणि ‘मैं तुलसी तेरे आंगन की’. पहिले १९५७ साली, शेवटचे १९७९ साली. शेवटच्या वेळी त्या चाळिशी ओलांडलेल्या होत्या. आपल्याकडे चाळिशीच्या बाईला नायिका म्हणवून घेण्याची सोय कुठे असते? तिला लगेच नायकाची आई करतात. म्हणून मला हे पाचवे पारितोषिक पहिल्या चारांपेक्षा मोठे वाटते.

परंतु बोलायचे आहे ते ‘सुजाता’विषयी. बिमल रॉयांचा हा चित्रपट १९५९ चा. एका ब्राह्मण घरात वाढलेली अस्पृश्य मुलगी. घरातले तिला ‘मुलगी’ म्हणत नाहीत, ‘मुलीसारखी’ म्हणतात. सगळा चित्रपट या ‘सारखी’ शब्दावर तोललेला आहे. नूतन त्यात फार बोलत नाही. ती ऐकते. दारामागून, जिन्यावरून, कपडे घड्या करता करता ऐकते, आणि जे ऐकले ते तिच्या मानेवर, बोटांवर दिसते. मी तो मुंबईला पाहिला. कॉलेजच्या पहिल्या वर्षाला होतो, लालबागला वडिलांच्या खोलीवर राहात होतो. आमचा तालुका महाड. १९२७ सालच्या मार्चच्या २० तारखेला बाबासाहेब आंबेडकरांनी चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले ते महाड. त्या तळ्याच्या काठाने मी लहानपणी कितीदा तरी गेलो होतो, मोठी माणसे हळू आवाजात काय बोलतात तेही ऐकले होते. आणि इथे मुंबईच्या काळोखात एक मुलगी तेच बोलणे ऐकून मान खाली घालीत होती. थिएटरातून बाहेर पडल्यावर परळपर्यंत मी आणि माझा सोबती एक अक्षर बोललो नाही. तो बिरवाडीच्या बौद्धवाडीतला होता. शेवटी तोच म्हणाला, “बाईने काम चांगलं केलंन्. पण पाणी असं नुसतं मिळत नाही रे, ते घ्यावं लागतं.” चित्रपटात सुजाता मरणाच्या दारातल्या आईला आपले रक्त देते आणि मग घर तिला आपली म्हणते. माझ्या मित्राचा आक्षेप त्यावर होता. रक्त दिल्यावर आपली म्हणणार, आधी का नाही? मला त्याला उत्तर देता आले नाही. १९६० साली नूतनला ‘सुजाता’बद्दल पारितोषिक मिळाल्याचे वाचले तेव्हा आनंदही झाला आणि त्याचे बोलणेही आठवले. आजही दोन्ही एकदमच आठवतात.

या घराण्याची पुढची हकिकत थोडक्यात सांगतो. धाकटी तनुजा हिला सहाय्यक अभिनेत्रीचे मिळाले, ‘पैसा या प्यार’साठी. तनुजाची मुलगी काजोल हिने नायिकेची पाच मिळवली, १९९६ पासून २०११ पर्यंत. मावशीची पाच, भाचीची पाच. एका घरात दहा बाहुल्या! पुढे आलिया भट्टनेही २०२४ साली पाचाचा आकडा गाठला आणि २०२५ साली सहावे मिळवून तो ओलांडला. मराठी मुलींपैकी पद्मिनी कोल्हापुरे ‘प्रेम रोग’साठी १९८३ साली, आणि माधुरी दीक्षित १९९१ ते १९९८ या काळात चार वेळा, हेही नोंदून ठेवू.

*

नायिका आणि सहनायिका हा जो भेद आहे ना, त्याने पुष्कळ घोटाळे केले. १९५५ साली फिल्मफेअरने सहाय्यक अभिनेत्रीचे पारितोषिक सुरू केले आणि पहिलेच मिळाले आपल्या उषाकिरण यांना, ‘बादबान’साठी. पुढे ललिता पवार ‘अनाडी’साठी, शशिकला ‘आरती’ व ‘गुमराह’साठी, दुर्गा खोटे ‘बिदाई’साठी. बघा, मराठी नावांची रांग लागली आहे. सावत्र सासू, खाष्ट घरमालकीण, कपटी भावजय, सोशिक आई. हिंदी चित्रपटाचे सगळे घरकाम जणू मराठी बायकांकडे! नायिकेच्या गळ्यात हार पडायचा आणि ज्यांनी चित्रपटातले घर उभे केले त्यांना बाजूची खुर्ची.

एका बाईने मात्र ही बाजूची खुर्ची नाकारली. ‘देवदास’मध्ये चंद्रमुखीचे काम करणाऱ्या वैजयंतीमालेला सहाय्यक अभिनेत्रीचे पारितोषिक जाहीर झाले, तेव्हा तिने ते घेतले नाही. पारो आणि चंद्रमुखी या दोघी सारख्याच तोलाच्या, तेव्हा मी सहाय्यक कशी, असे तिचे म्हणणे. कुणी फिल्मफेअर पारितोषिक परत करण्याची ती पहिली वेळ. पुढे तिला ‘साधना’, ‘गंगा जमुना’ व ‘संगम’ या चित्रांबद्दल नायिकेचे तीनदा मिळाले. मला तिचा हा नकार तीन होकारांपेक्षा आवडतो. अलीकडे तर बर्लिनच्या महोत्सवाने २०२१ पासून नट आणि नटी हा भेदच काढून टाकला. उत्तम काम, मग ते कुणाचेही असो. हे चांगले की वाईट, यावर माझे मत अजून ठरलेले नाही. आमच्याकडे वेगळी पंगत नसेल तर बायका उपाशी राहतात, हा अनुभव आहे.

*

आता सरकारी पारितोषिकाकडे येतो. नटनट्यांना राष्ट्रीय पारितोषिक द्यायचे ठरले ते १९६७ च्या चित्रांपासून. म्हणजे ‘श्यामची आई’नंतर तब्बल चौदा वर्षांनी. नटाला ‘भरत’ आणि नटीला ‘उर्वशी’ अशी नावे दिली. पहिली उर्वशी झाली नर्गिस, ‘रात और दिन’साठी. या पारितोषिकाचा थाट वेगळा. इथे कूपन नाही. परीक्षक मंडळ बसते आणि देशातल्या सगळ्या भाषांची चित्रे पाहते. त्यामुळे दुसऱ्याच वर्षी ते मल्याळम् चित्रपटासाठी शारदा यांच्याकडे गेले. पुढे बंगाली, कन्नड, तमिळ, तेलुगू, असमिया असे ते फिरत राहिले. शबाना आझमींना पाच वेळा मिळाले, ‘अंकुर’पासून ‘गॉडमदर’पर्यंत.

मराठी मुलीला ते प्रथम मिळाले स्मिता पाटीलला, १९७७ च्या ‘भूमिका’साठी. ही स्मिता मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या वाचीत असे. शिवाजीराव व विद्याताई पाटील यांची मुलगी. आणि ‘भूमिका’ कुणाची गोष्ट? आपल्या हंसा वाडकरांची. हंसाबाईंनी ‘संत सखू’, ‘रामशास्त्री’, ‘लोकशाहीर रामजोशी’ गाजवले, आणि १९५९ च्या ‘सांगत्ये ऐका’ने तर कहर केला. पुण्याच्या विजयानंदला तो सव्वाशेहून अधिक आठवडे चालला. त्याच चित्रपटाचे नाव देऊन त्यांनी आपले आत्मचरित्र सांगितले: लहान वयात पोटासाठी पडद्यावर ढकलले जाणे, संसाराची ससेहोलपट, दारू, मारहाण, काही न झाकता. श्याम बेनेगलांनी त्यावरून ‘भूमिका’ केला. चित्रपटातली नायिका पडद्यावर घेते ते नाव उर्वशी, आणि पारितोषिकाचे नावही तेच ठेवलेले होते. हा योगायोग खरा.

आमच्या आईने ‘सांगत्ये ऐका’ पाहिला होता. दवाखान्याच्या निमित्ताने लालबागला आली होती तेव्हा, चाळीतल्या बायकांबरोबर. १९७८ साली मी सुट्टीत घरी होतो, तिला म्हणालो, “तुझ्या त्या हंसाबाईचं काम एका मुलीनं केलं, तिला दिल्लीनं बक्षीस दिलं.” आई म्हणाली, “आन् हंसाबाईला?” मी म्हणालो, “त्या आता नाहीत. आणि त्या होत्या, चालत्या होत्या, तेव्हा असलं बक्षीसच नव्हतं.” ती बराच वेळ तांदूळ निवडीत बसली. मग म्हणाली, “पोरगी गुणाची दिसते. तिनं निदान विचारपूस केली म्हणायची.”

अभिनयाची याहून नेमकी व्याख्या मी कुठल्या पुस्तकात वाचलेली नाही. विचारपूस करणे!

त्याच वर्षी स्मिताने ‘जैत रे जैत’मध्ये ठाकरांची चिंधी केली. गो. नी. दांडेकरांची कादंबरी, जब्बार पटेलांचे दिग्दर्शन. आमच्या डोंगरातल्या बायका डोक्यावर मोळी घेऊन कशा चालतात हे ज्याने पाहिले आहे, त्याला चिंधीची चाल परकी वाटत नाही. १९८० च्या ‘चक्र’साठी तिला पुन्हा राष्ट्रीय पारितोषिक मिळाले आणि १९८२ साली फिल्मफेअरचेही. ‘चक्र’ची मूळ कादंबरी जयवंत दळवींची, म्हणजे गोष्ट आपली, मुलगी आपली, भाषा मात्र हिंदी. मराठीत तिने १९८२ साली ‘उंबरठा’ केला. त्याला उत्कृष्ट मराठी चित्रपटाचे पारितोषिक मिळाले, पण त्या वर्षी नायिकेचे गेले रेखाकडे, ‘उमराव जान’साठी. पुन्हा तेच. चित्राला दिले, बाईला नाही. १९८६ च्या डिसेंबरात स्मिता गेली, अवघ्या एकतीस वर्षांची.

मराठी चित्रपटातल्या कामाबद्दल हे पारितोषिक मिळायला २०१० चे वर्ष उजाडावे लागले. चित्रपट ‘बाबू बँड बाजा’, दिग्दर्शक राजेश पिंजानी, नटी मिताली जगताप-वराडकर. बँडवाल्याची बायको, जुन्या कपड्यांवर भांडी देत दारोदार फिरते. आणि तिचा एकच हट्ट, पोराने वाजंत्री व्हायचे नाही, शाळा शिकायची. त्या वर्षी ते पारितोषिक तमिळच्या सरण्या यांच्याशी विभागून होते, आणि गंमत म्हणजे त्यांचीही भूमिका आईचीच. दोन वर्षांनी, २०१२ च्या ‘धग’साठी, कोल्हापूरच्या उषा जाधवला मिळाले. तिथे घरचा धंदा स्मशानातला, आणि आईचा जीव तुटतो तो मुलाला त्या राखेतून बाहेर काढण्यासाठी. शिवाजी लोटन पाटील यांना त्याच चित्रपटासाठी उत्कृष्ट दिग्दर्शकाचे मिळाले.

आता या दोन आया आणि पालगडची ती पहिली आई एका ओळीत उभ्या करून पाहा. गरिबी तीच, मुलाला माणूस करायची जिद्द तीच. पहिली ब्राह्मणाच्या पडत्या घरातली. पुढच्या दोघी गावाने वेशीबाहेर ठेवलेल्यांतल्या. मराठी चित्रपटाची आई साठ वर्षांत ओसरीवरून निघून कुठवर चालत गेली ते यात दिसते, आणि सरकारी मान तिला मिळाला तो तिथे पोचल्यावर. ‘धग’ मी महाडला एका विद्यार्थ्याच्या घरी पाहिला. आई तेव्हा नव्हती. उषा जाधवचे हात पाहताना मात्र तिचे महाडच्या तंबूनंतरचे शब्द आठवल्यावाचून राहिले नाहीत.

आणखी एक बातमी सांगून पुरे करतो, वेळ होत आली. २०२३ साली ‘श्यामची आई’ नव्याने काढला गेला, सुजय डहाके यांच्या दिग्दर्शनाखाली, आणि तोही जुन्यासारखा काळ्या-पांढऱ्या रंगात. २०२५ च्या ऑगस्टात राष्ट्रीय पारितोषिके जाहीर झाली, त्यात उत्कृष्ट मराठी चित्रपट म्हणून त्याचे नाव होते. नायिकेचे पारितोषिक राणी मुखर्जी यांना मिळाले, ‘मिसेस चॅटर्जी व्हर्सेस नॉर्वे’साठी. तीही एका आईचीच भूमिका, परक्या देशातल्या सरकारशी आपल्या मुलांसाठी भांडणारी. मी ही बातमी घरात मोठ्याने वाचली. नातसून स्वयंपाकघरात होती, तिने आजेसासूला पाहिलेलेही नाही. तिथूनच तिने विचारले, “आणि श्यामच्या आईचं काम केलंय तिला काय दिलं, आजोबा?”